हत्तीच्या सोंडेतला कॅमेरा

बालाघाट शहराला लागून वैनगंगा वाहते. १८९४ साली 'जंगल बुक' छापून आलं आणि मोगलीबरोबर ही नदीही जगभर गेली. किपलिंगने शेजारच्या सिवनीचं रान उभं केलं ते वाचलेल्या पुस्तकांच्या आणि ऐकलेल्या गोष्टींच्या आधाराने. लेखकाला ते चालून जातं. पुढे सिनेमा आला, तरी रिवाज तोच राहिला. झोल्टन कोर्डाने १९४२ साली मोगलीचं जंगल कॅलिफोर्नियात उभारलं. जॉन फॅवरोने २०१६ साली ते लॉस एंजेलिसच्या स्टुडिओत संगणकावर घडवलं. अँडी सर्किस या ब्रिटिश नटदिग्दर्शकाचा 'मोगली' २०१८ साली आला. त्याचं चित्रीकरण दक्षिण आफ्रिकेत आणि लंडनजवळच्या स्टुडिओत झालं. नाव आमच्या रानाचं, आणि माती कुठलीतरी भलतीच.

आमच्या रानापर्यंत खरोखर पोचला तो दुसराच ब्रिटिश दिग्दर्शक, जॉन डाउनर. त्याचं नाव आपल्याकडे फारसं कुणी घेत नाही. बीबीसीवर डेव्हिड ॲटनबरोंचा आवाज आपण ओळखतो, पण त्या आवाजाखालची चित्रं कुणाची, हे विचारायचं राहून जातं. ब्रिस्टलच्या या माणसाने उभी कारकीर्द एकाच प्रश्नाच्या मागे घालवली: बघणारा माणूस तिथे नसता, तर प्राणी कसा दिसला असता?

सुरुवात पक्ष्यांपासून झाली. माणसाला लळा लागलेलं बदक सोबत उडवून त्याने पक्ष्याची भरारी जवळून टिपली. मग २००० साली सिंहांसाठी त्याने दगडाच्या सोंगातला, चाकांवर चालणारा कॅमेरा बनवला. २००३ साली आफ्रिकेतल्या हत्तींच्या कळपात त्याचा कॅमेरा शेणाच्या पोच्या रूपात जाऊन बसला. ऐकताना हसू येतं, पण त्यामागचा विचार सखोल आहे. दुरून मोठ्या भिंगाने पाहिलेला प्राणी पडद्यावर जवळ दिसतो, पण त्या बघण्यात शिकाऱ्याच्या नेमाचा वास असतो. डाउनरने अंतर भिंगाने कापलं नाही, जागा बदलून कापलं. कॅमेरा कळपाच्या उंचीवर, कळपाच्या मध्ये आला. कॅमेरा कुठे ठेवायचा, हा त्याच्यापुरता नीतीचा प्रश्न होता, असं मी मानतो.

वाघापाशी मात्र ही युक्ती अडली. दाट झाडोऱ्यात, पळसाच्या आणि बांबूच्या रानात चाकांवरचा दगड चालणार कसा? उत्तर पेंचमध्ये मिळालं. सिवनी आणि छिंदवाडा जिल्ह्यांतलं हे जंगल बालाघाटच्या शेजारचं. पेंच आणि कान्हा यांना जोडणारा वाघांचा मार्ग आमच्या जिल्ह्याच्या रानांतूनही जातो. पेंचमध्ये वनखात्याचे हत्ती होते. वाघ हत्तीला बुजत नाही आणि त्याच्या पाठीवरच्या माणसालाही वेगळं काढत नाही. डाउनरच्या चमूने ओंडक्याच्या रूपातले कॅमेरे हत्तींच्या सोंडेत दिले, सुळ्यांवर टेकवले. हत्ती ते उचलून नेत, वाघिणीजवळ हळूच ठेवत आणि बाजूला होत. अशा रीतीने चार बछड्यांची वाढ टिपली गेली. 'टायगर : स्पाय इन द जंगल' ही तीन भागांची मालिका २००८ साली बीबीसीवर आली. तिच्यातली वाघीण म्हणजे पेंचची 'बडी मादा'. तिचीच लेक पुढे 'कॉलरवाली' म्हणून गाजली. आठ वेतांत तिने २९ बछडी दिली आणि १५ जानेवारी २०२२ रोजी ती गेली.

ही मालिका जग 'गुप्तहेर कॅमेऱ्याची करामत' म्हणून आठवतं. मला तिच्यात माहूत दिसतो, पडद्यावर तो असो वा नसो. कान्ह्यात आणि पेंचात पहाटे हत्ती घेऊन वाघाच्या मागावर निघणारी ही माणसं. पंजाचा ठसा रात्रीचा की आत्ताचा, चितळाची हाक कुठल्या नाल्यातून आली, वानर कुणीकडे बघून खेकसतंय, एवढ्यावरून ती वाघ कुठे बसलाय ते सांगतात. सोंडेतला ओंडका किती जवळ न्यायचा आणि कुठे थांबायचं, हे ब्रिस्टलला बसून ठरवता येत नाही. एकविसाव्या शतकातलं ते नवं यंत्र माहुताच्या अंगठ्याच्या दाबावर चाललं. हत्तीच्या कानामागे पडणारा तो दाब हेच त्या चित्रीकरणातलं खरं दिग्दर्शन होतं, असं म्हटलं तर डाउनरचं श्रेय उणं होत नाही. कुणावर विसंबायचं हे कळणं, हाच त्याचा मोठेपणा.

तरीही एक गोष्ट मला खटकते. माणूस बाजूला सारून प्राणी बघायचा, हे त्याचं आयुष्यभराचं सूत्र; पण आमचं रान माणसासकट रान आहे. बैहरकडून कान्हाच्या मुक्की फाटकाकडे जा, वाटेत बैगांची, गोंडांची गावं लागतात. कान्हाच्या गाभ्यातली गावं उठवली गेली म्हणून तिथलं गवत वाढलं आणि १९७० साली अवघे ६६ उरलेले बारशिंगे वाचले. हे दोन्ही खरं आहे, आणि यातलं एकच सांगणारी फिल्म, कितीही देखणी असो, अर्धीच.

उरलेलं अर्धं बालाघाटच्याच जंगलात पुढे कुणीतरी शोधलं. अमित मसुरकरचा 'शेरनी' २०२१ साली आला. त्यावर २०१८ साली पांढरकवड्याच्या रानात मारल्या गेलेल्या 'अवनी' वाघिणीची छाया होती. घटना यवतमाळची आणि जंगल आमचं. १९५६ पर्यंत हे दोन्ही जिल्हे नागपूर राजधानी असलेल्या एकाच प्रांतात होते, त्यामुळे मला ते परकं वाटलं नाही. त्या चित्रपटात वाघीण क्वचितच दिसते. दिसतात ती तिच्याभोवतीची माणसं: चराई गमावलेली बाई, पुढारी, शिकारी, खात्यातली एकटी अधिकारी. डाउनरने माणूस वगळून वाघ दाखवला, मसुरकरने माणसांतून वाघ दाखवला. मला या दोन्ही फिल्म एकापाठोपाठ बघाव्याशा वाटतात.

तिसरी फिल्म अजून व्हायची आहे. ती माहुताच्या नजरेतून बघणारी असेल, आणि ती ब्रिस्टलहून येणार नाही, मुंबईहूनही नाही. पेंचातल्या त्या चित्रीकरणाला जवळजवळ वीस वर्षं झाली. त्या वेळचे कर्ते माहूत आता उतारवयात आहेत. वारासिवनी, कटंगी, बैहर, लांजी इथल्या मुलामुलींच्या हातात आज मोबाइल आहे. त्यांना माझं एवढंच सांगणं आहे: या दिवाळीच्या सुटीत एखाद्या जुन्या माहुताकडे जा, त्याच्यापाशी बसा, आणि तो बोलेल ते टिपून ठेवा.