असुर कोणाच्या घरात?

वाडी रत्नागिरीच्या डोंगरावर चैत्र पौर्णिमेला सासनकाठ्या नाचतात, गुलाल-खोबरे उधळले जाते. जोतिबा देवाने रत्नासुर या असुराचा वध केला, ही या क्षेत्राची कथा. तिच्यात दुष्ट कोण हे पहिल्यापासून ठाऊक असते. गुन्ह्याच्या कथेत नेमके तेच शोधायचे असते. 1974 ते 1998 या काळात जर्मन दूरचित्रवाणीवर ‘डेरिक’ या मालिकेचे 281 भाग दाखवले गेले. म्युनिकच्या डेरिक या पोलिस अधिकाऱ्याला खुनी सापडे तो बहुधा सुखवस्तू, सभ्य घरात. मग दुष्टपणाचे खरे रूप कोणते, असुर की शेजारचा माणूस? माझ्या मते दोन्ही कथांचा धोका एकच आहे: दोषी दुसराच कोणी निघाला की प्रेक्षक आणि भक्त दोघेही निर्धास्त होतात.

याचा पुरावा ‘डेरिक’नेच दिला. नायकाची भूमिका करणारा होर्स्ट टापर्ट तरुणपणी वाफेन-एसएस या नाझी सशस्त्र दलात होता, हे त्याच्या मृत्यूनंतर, 2013 मध्ये उघड झाले. मालिकेचे सर्व भाग लिहिणाऱ्या हर्बर्ट राइनेकरनेही नाझी राजवटीत प्रचारलेखन केले होते. पाव शतक घरोघरी अपराध्याचा शोध दाखवणाऱ्या टापर्टने स्वतःचा भूतकाळ मात्र प्रेक्षकांसमोर मांडला नाही. नटाच्या आयुष्यावरून पात्राला दोष देऊ नये, असा आक्षेप येईल आणि तो रास्त आहे. मालिका खोटी होती असे मी म्हणत नाही. दुसऱ्याचा अपराध बारकाईने तपासता येतो म्हणून स्वतःचा तपासला जातोच असे नाही, एवढेच यातून सिद्ध होते.

दुसरा आक्षेप अधिक गंभीर आहे. प्रत्येकाच्या आत असुर आहे असे मानले तर खुनी आणि सामान्य माणूस एकाच पंक्तीला बसतील आणि मेलेल्याला न्याय मिळणार नाही. पण आत्मपरीक्षण म्हणजे अपराधाची समान वाटणी नव्हे. न्यायालयाने पुराव्याने एकाच व्यक्तीला दोषी ठरवावे. तिथे सर्वांचे थोडेथोडे चुकले, ही पळवाट चालू नये. धर्माचा प्रश्न मात्र प्रत्येकाला स्वतंत्रपणे विचारला जातो. काम, क्रोध, लोभ, मोह, मद, मत्सर हे सहा शत्रू आपल्या परंपरेने माणसाच्या आतच मोजले आहेत. त्यांच्याशी लढणे देवावर किंवा पोलिसांवर सोपवता येत नाही. रत्नासुराच्या वधाचा आनंद जरूर साजरा करावा. पण आपल्या हातून कोणावर अन्याय झाला असेल तर तो कबूल करून भरून काढल्याशिवाय ती भक्ती पुरी झाली असे समजू नये.