धरसोड

शास्त्रपाठ: याकोब 1:5-8 व 4:8, 1 राजे 18:20-39, मत्तय 14:28-31



आपल्या मराठी भाषेंत कांहीं शब्द असे आहेत कीं, ते उच्चारतांच एक मनुष्य डोळ्यांपुढें उभा राहतो. धरसोड हा त्यांतलाच एक. धरणें आणि सोडणें हीं दोन क्रियापदें एकमेकांच्या अगदीं उलट. परंतु भाषेनें तीं एकत्र जोडून त्यांचें एकच नाम केलें आणि तें मनाच्या एका रोगाला दिलें. धरणें हा दोष नव्हे. सोडणें हाही दोष नव्हे; पुष्कळ गोष्टी सोडल्याच पाहिजेत. पण जें धरावयाचें तें सोडणें, जें सोडावयाचें तें पुनः धरणें, आणि असें करितां करितां आयुष्य संपविणें, ही धरसोड.

या शब्दाचे भाऊबंद पुष्कळ आहेत, पण ते सर्व सारखे नव्हत. चालढकल करणाऱ्यास काय करावें हें ठाऊक असतें. तो फक्त आजचें काम उद्यांवर ढकलितो. कांकूं करणाऱ्याचें मन अद्यापि झालेलें नसतें, म्हणून त्याच्या तोंडून धड होय निघत नाहीं, धड नाहीं निघत नाहीं. आढेवेढे घेणाऱ्याचें मन बहुधा झालेलें असतें, पण त्यास आणखी आग्रह हवा असतो. द्विधा मन म्हणजे दोहों ठिकाणीं वांटलेलें मन. धरसोड या सर्वांहून निराळी आहे, कारण धरसोड करणाऱ्यानें एकदां धरलेलें असतें. त्यानें होय म्हटलेलें असतें. म्हणूनच ज्यांनीं प्रभूला होय म्हटलें आहे त्या आपणांसच हा शब्द अधिक लागू पडतो. जो मंडळींत कधीं आलाच नाहीं त्यानें सोडावें तरी काय?

आतां पवित्र शास्त्र या रोगाविषयीं काय सांगतें तें पाहूं.

पहिली गोष्ट. धरसोडीचें मूळ हातांत नाहीं, हृदयांत आहे. याकोबानें आपल्या पत्रांत अशा मनुष्याकरितां जो ग्रीक शब्द योजिला आहे तो दिप्सुखोस. त्याचा अक्षरशः अर्थ दोन जिवांचा. नव्या करारांत हा शब्द याकोबाच्या पत्राखेरीज कोठेंही आढळत नाहीं, आणि त्या पत्रांतही दोनच वेळां येतो. आपल्याकडे बाईला दिवस गेले म्हणजे ती दोन जिवांची आहे असें आपण आनंदानें म्हणतों, कारण तिच्या ठायीं एक जीव दुसऱ्याला पोशीत असतो आणि पुढें जन्म व्हावयाचा असतो. परंतु याकोबाच्या दोन जिवांच्या मनुष्यांत एक जीव दुसऱ्याला खात असतो. तेथें कशाचाच जन्म होत नाहीं. तो देवापाशीं ज्ञान मागतो आणि मागतांनाच दुसरीकडे डोळा ठेवितो. अशा मनुष्यास याकोबानें वाऱ्यानें हेलकावणाऱ्या समुद्राच्या लाटेची उपमा दिली आहे. लाट किनाऱ्याकडे येते खरी, पण किनाऱ्यावर राहत नाहीं.

जुन्या करारांतही हाच विचार आहे. दावीद राजा व्हावा म्हणून जे लोक हेब्रोनास जमले त्यांत जबुलून वंशाचे पन्नास हजार होते. ते दुटप्पी मनानें आले नाहींत असें 1 इतिहास 12:33 येथें सांगितलें आहे. मूळ इब्री भाषेंत दुटप्पी मनाला जे शब्द आहेत त्यांचा सरळ अर्थ हृदय आणि हृदय. एका छातींत दोन हृदयें! बाराव्या स्तोत्रांत गोड बोलून फसविणाऱ्यांविषयींही हेच शब्द आहेत. यावरून दिसून येईल कीं, धरसोड ही नुसती स्वभावाची कमजोरी नव्हे. ती पुढें पुढें खोटेपणाचें रूप घेते. ज्याला दोन हृदयें त्याला लवकरच दोन जिभा फुटतात.

दुसरी गोष्ट. धरसोडीचें कारण बहुधा भय असतें. कर्मेल डोंगरावरची गोष्ट आपण सर्वांनीं ऐकिली आहे. पण त्या लोकांची अडचण काय होती हें पुष्कळदां लक्षांत येत नाहीं. त्यांनीं परमेश्वराला उघड नाकारिलें नव्हतें. ते शेतकरी होते, आणि देशांत वर्षानुवर्षें पाऊस नव्हता. शेजारचे कनानी व फेनिकी लोक बआलाला पावसाचा व वादळाचा देव मानीत. तेव्हां इस्राएलाच्या शेतकऱ्यांनीं विचार केला कीं, परमेश्वर आपल्या बापजाद्यांचा देव आहेच. पण पावसाचें काम, न जाणो, बआलाच्या हातीं असलें तर? म्हणून दोन्ही डगरींवर हात. ज्यानें आभाळाकडे पाहत एखादा तरी ज्येष्ठ आणि आषाढ काढिला असेल, त्यानें या लोकांना हंसूं नये. त्यांची भूक खरी होती. त्यांची चूक ही कीं, भूक लागली असतां त्यांनीं दोन धनी केले.

एलीयानें त्यांना जो प्रश्न केला त्यांत एक मोठा मार्मिक इब्री शब्द आहे. त्याचा अर्थ लंगडणें. मफीबोशेथ लहानपणीं दाईच्या हातून पडून लंगडा झाला, तेथेंही हेंच क्रियापद आहे. पुढें पांच वचनांनीं बआलाचे संदेष्टे वेदीभोंवतीं नाचूं लागले, तेथेंही पुनः तेंच क्रियापद येतें. म्हणजे ग्रंथकर्ता आपणांस हळूच दाखवितो कीं, दोन मतांमध्यें लंगडणारा मनुष्य आपण कोठेंच गेलों नाहीं असें समजत असतो. पण त्याची चाल मात्र बआलाच्या वेदीभोंवतीं नाचणाऱ्यांचीच झालेली असते. एलीयाचा प्रश्न ऐकून लोकांनीं काय उत्तर दिलें? एक शब्दही नाहीं. धरसोडीचें खरें उत्तर हेंच असतें. तिच्यापाशीं मौनाशिवाय कांहीं नसतें.

हें केवळ इस्राएलांतच घडलें असें नाहीं. आपल्या महाराष्ट्रांत 1849 सालीं मुंबईस परमहंस सभा स्थापन झाली. दादोबा पांडुरंग यांसारखे विद्वान व सज्जन गृहस्थ तींत होते. जातिभेद खोटा आहे, मूर्तिपूजा व्यर्थ आहे, अशी त्यांची मनापासून खातरी झाली होती. पण सभा गुप्तपणें भरे. तेथें जातीचे निर्बंध मोडून ते एकत्र खात, आणि घरीं आले म्हणजे जातीचे सर्व आचार पूर्वीप्रमाणें चालत. पुढें सभासदांचीं नांवें बाहेर फुटलीं आणि सभा मोडली. या सभेंत जाणारा एक तरुण बाबा पदमनजी. दोन घरांचें दोन प्रकारचें जिणें त्यांस अखेर असह्य झालें, आणि 1854 सालीं बेळगांवीं त्यांनीं बाप्तिस्मा घेतला. तोंपर्यंतची आपल्या मनाची ओढाताण त्यांनीं अरुणोदय या आत्मचरित्रांत कांहीं न लपवितां लिहिली आहे. सभेंतल्या इतरांना आम्ही दोष देत नाहीं. त्यांच्यापैकीं कित्येकांनीं पुढें समाजाचीं मोठीं कामें केलीं. आम्ही एवढेंच म्हणतों कीं, जें सत्य केवळ दार लावून पाळावें लागतें तें फार दिवस हातांत राहत नाहीं.

तिसरी गोष्ट. धरसोडीची किंमत भारी आहे. वाफसा किती दिवस टिकतो हें शेतकऱ्यास सांगावयास नको. जमीन ओली असते तोंवर पाभर चालत नाहीं, आणि सुकली म्हणजे बीं उगवत नाहीं. मधले थोडे दिवस पेरणीचे. त्या दिवसांत जो सकाळीं चाड्यावर मूठ धरितो आणि दुपारीं बाजरी पेरूं कीं मूग पेरूं म्हणून बैल सोडितो, त्याचें शेत पडीक राहतें. प्रभूनेंही नांगराचाच दाखला दिला. रुमण्याला हात घालून जो मागें पाहतो त्याचें तास वांकडें जातें. आतां पुष्कळ शेतांत बैलांच्या जागीं ट्रॅक्टर आला आहे, पण मान मागें वळवून सरळ तास अजून कोणाला काढितां आलें नाहीं.

आमच्या ओळखीचे एक वृद्ध बंधु होते. त्यांचा आणि त्यांच्या धाकट्या भावाचा शेताच्या बांधावरून तंटा झाला होता. बांध हातभर सरकला होता, आणि तो कोणीं सरकविला हें आमच्या या बंधूंस पक्कें ठाऊक होतें, कारण तो त्यांनींच सरकविला होता. प्रभुभोजनाची वेळ आली कीं त्यांचें हृदय दुखे. ते म्हणत, उद्यां जाऊन भावाचे पाय धरितों. दोनदां तर ते त्याच्या अंगणापर्यंत गेले. एकदां भाऊ घरीं नव्हता. एकदां अंगणांत चार माणसें बसलेलीं पाहून ते परत फिरले. तिसऱ्या वेळीं त्या अंगणांत गेले ते भावाच्या तिरडीला खांदा द्यावयास. पुढें त्यांनीं पुतण्यांना बोलावून सर्वांदेखत बांध मागें घेतला, हें त्यांना शोभलें. पण ते आम्हांस म्हणाले, "जमीन परत देतां आली, शब्द कोणाला देऊं?" हे त्यांचे बोल आम्ही विसरलों नाहीं.

मंडळींतल्या उपदेशक बंधूंनो, तुम्हांसही एक शब्द. तुमच्याकडे लोक सल्ला विचारावयास येतात. पाटलांच्या ओट्यावर एक बोलणें आणि मंडळींत दुसरें, असें झालें तर लोक तुमचा उपदेश ऐकणार नाहींत. ते तुमची धरसोडच शिकतील. होय म्हणजे होय आणि नाहीं म्हणजे नाहीं असावें, हा प्रभूचा नियम प्रथम उपदेशकाच्या घरीं लागूं द्यावा.

येथें एक सावधगिरी सांगणें अवश्य आहे. विचार करणें म्हणजे धरसोड नव्हे. बुरूज बांधावयाचा तर आधीं बसून खर्चाचा हिशेब करा, असें प्रभूनेंच सांगितलें. मुलीचें लग्न ठरवितांना, कर्ज काढितांना, बाप्तिस्मा मागतांनाही जो दहा दिवस थांबून प्रार्थना करितो त्याला कोणी धरसोड्या म्हणूं नये. आणि ज्याचा विश्वास दुर्बळ आहे पण जो तें लपवीत नाहीं, तोही या दोषाचा धनी नव्हे. भूत लागलेल्या मुलाचा बाप विश्वास आणि अविश्वास दोन्ही घेऊन येशूपुढें रडला; प्रभूनें त्यास परत लाविलें नाहीं. दोन मनें असणें हें दुःख आहे. दोन्ही ठेवावीं असें वाटणें हें पाप आहे.

मग यावर औषध काय? घट्ट धरा, एवढेंच सांगून आम्ही थांबलों तर तुमच्यावर ओझें लादल्यासारखें होईल, कारण आपल्या मुठींत बळ किती हें आपण जाणतों. पेत्राची गोष्ट आठवा. त्यानें तारूं सोडिलें आणि पाण्यावर चालला. मग वारा पाहिला आणि बुडूं लागला. प्रभूनें त्यास तूं संशय कां धरिलास असें विचारिलें. तेथें जो ग्रीक शब्द आहे त्याच्या पोटांतही दोन हा अर्थ आहे. पेत्राचें पाऊल पाण्यावर होतें, पण मन दोहों बाजूंस गेलें होतें. तरी क्रम नीट पाहा. प्रश्न मागून आला. हात आधीं आला. येशूनें प्रथम त्याला धरिलें आणि मग बोलला. पेत्राचा धीर सुटला. प्रभूचा हात सुटला नाहीं. आपल्या हातीं धरसोड आहे. त्याच्या हातीं केवळ धर आहे.

म्हणून याकोब दोन जिवांच्या लोकांस बाहेर घालवीत नाहीं. देवाजवळ या, म्हणजे तो तुमच्याजवळ येईल, असें सांगून मग तो त्यांस हृदयें शुद्ध करावयास सांगतो. जो प्रश्न तुमच्या मनांत कित्येक दिवस धरसोडींत पडला आहे, तो कोणता हें तुम्हांस ठाऊक आहे. आम्ही त्याचें नांव घेण्याची गरज नाहीं. तें अंगण फार दूर नाहीं. तेथें चार माणसें बसलेलीं असतील; बसूं द्या. हा अंक खालीं ठेवा आणि उठा.

हे प्रभो, आमचें वांटलेलें हृदय एक कर. जें सोडावयाचें तें सोडण्यास आम्हांला धैर्य दे. जें धरावयाचें तें धरण्यास बळ दे. आणि आमची मूठ सैल होईल तेव्हां तूं आम्हांला धरून ठेव. आमेन.