इजाजत आणि इख्तियार

‘त्यांनी स्वतःच परवानगी दिली होती,’ एवढे म्हटले की आपण सुटलो असे आपल्याला वाटते. पण खरेच सुटतो का? एका जपानी कलावतीच्या प्रयोगाच्या निमित्ताने हा प्रश्न आम्हांला वाचकांपुढे ठेवावासा वाटतो.

योको ओनो यांनी १९६४ साली क्योटो येथे ‘कट पीस’ नावाचा प्रयोग केला. चांगले कपडे घालून त्या रंगमंचावर गुडघे मुडपून बसल्या. समोर कात्री ठेवली. प्रेक्षकांनी एकेकाने यावे, त्यांच्या कपड्याचा तुकडा कापावा आणि सोबत न्यावा, एवढीच सूचना होती. १९६५ साली हाच प्रयोग न्यूयॉर्कच्या कार्नेगी रिसायटल हॉलमध्ये झाला आणि मेझल्स बंधूंनी तो चित्रित केला. त्यात काही जण संकोचाने लहानसा तुकडा कापून परततात. एक तरुण मात्र आतल्या वस्त्रापर्यंत जातो, त्याचे पट्टेही कापतो. ओनो काही न बोलता दोन्ही हातांनी छाती झाकून घेतात. त्याचा हात धरायला कोणी पुढे येत नाही.

त्या तरुणाने सूचना मोडली नाही, हे खरे. परंतु उर्दूत ‘इजाजत’ आणि ‘इख्तियार’ हे दोन वेगळे शब्द आहेत. इजाजत दुसरा देतो. इख्तियार म्हणजे एखादी गोष्ट करायची की नाही, हे ठरवण्याची आपली मुखत्यारी. इजाजत मिळाल्यावरही इख्तियार आपल्याकडेच राहतो आणि जबाबदारी त्याच्यामागून चालत येते. ‘घर आपलंच समजा’ असे यजमान म्हणतो, म्हणून पाहुणा त्याचे कपाट उघडत नाही. शब्द मोकळे असतात. हद्द पाहुण्याने ओळखायची असते.

खुर्चीत बसून पाहणाऱ्यांचे काय? कात्री आपल्या हातात नाही, असे म्हणून तेही सुटत नाहीत. उठायचे की बसून राहायचे, हा इख्तियार त्यांनाही होता.

२००३ साली, वयाच्या सत्तराव्या वर्षी, ओनो यांनी पॅरिसमध्ये हा प्रयोग पुन्हा केला. या वेळी त्यांनी माप सांगितले: तुकडा पोस्टकार्डापेक्षा लहान असावा आणि आपल्या प्रिय व्यक्तीला पाठवावा. कोणी म्हणेल, हे आधीच सांगायला हवे होते. पण १९६५ साली लहानसा तुकडा कापून परतणाऱ्यांना तरी माप कोणी सांगितले होते?