निरोगी झाड तोडावें काय?

जैतुनाचें झाड आमच्या बहुतेक वाचकांनीं पाहिलें नसेल. पण शास्त्रांतून त्याचें नांव त्यांच्या ओळखीचें आहे. इटली देशाच्या दक्षिण टोंकास पुलिया प्रांत आहे. तेथील खडकाळ, कोरड्या जमिनींत हीं झाडें शेंकडों वर्षें उभीं आहेत. खोडें पिळलेल्या दोराप्रमाणें मुरडलेलीं, कित्येक आंतून पोकळ, तरी शेंडा हिरवा. आजोबानें लावावें व नातवानें तेल खावें, असा हा धंदा.

२०१३ सालीं तेथील गल्लिपोली गांवाजवळ ह्या झाडांचे शेंडे जळाल्यासारखे वाळूं लागल्याचें कारण उघड झालें. एक सूक्ष्म जंतु झाडाच्या पाणी वाहणाऱ्या नळ्यांत वाढून त्या बुजवितो, आणि रस शोषणारा एक लहानसा किडा त्यास झाडोझाडीं नेतो. रोगी झाड बरें करील असें औषध अद्याप नाहीं. लक्षावधि झाडें गेलीं. तेव्हां २०१५ सालीं युरोपीय संघानें नियम केला कीं, जेथें रोग निपटण्याची आशा आहे तेथें रोगी झाडाभोंवतालच्या १०० मीटरांतील, रोग लागूं शकेल अशीं झाडें, निरोगी असलीं तरी, काढावीं. २०२० सालीं हें अंतर ५० मीटर झालें.

कित्येक शेतकरी कोर्टांत गेले. २०१६ सालीं संघाच्या न्यायालयानें नियम कायम ठेविला. पण प्रश्न तेवढ्यानें मिटत नाहीं. पणजोबाच्या हातचें, फळांनीं लवलेलें झाड शेजाऱ्याच्या झाडासाठीं तोडावें काय? प्रथम आमचें मन शेतकऱ्याकडेच ओढलें. परंतु रोग आंत शिरल्यावर कित्येक महिने बाहेर दिसत नाहीं. म्हणून 'माझें झाड निरोगी आहे' असें नुसतें पाहून कोणासही खात्रीनें म्हणतां येत नाहीं. शिवाय ज्यानें झाड लावलें त्यानें तें पुढल्यांसाठीं लावलें. पुढले म्हणजे केवळ आपलींच नातवंडें काय? शेजाऱ्याचीं नव्हेत काय? झाड द्यावें, असेंच आम्हांस वाटतें.

तथापि आज्ञा करणाराचें एक पानही गळत नाहीं, आणि ज्याचें शेत त्या वर्तुळांत सांपडलें त्याचें घर बसतें, हें न्यायाचें नाहीं. सर्वांच्या रक्षणासाठीं जें मागावयाचें त्याची तूट सर्वांनीं सोसावी, आणि मागणारानें शेतांत जाऊन, कारण समजावून मागावें. (दुसऱ्यास स्वार्थत्याग शिकविणें किती सोपें, हें आम्हां उपदेशकांस निराळें सांगावयास नको.) पैशानें तेलाची भरपाई होईल, पणजोबाच्या झाडाची होत नाहीं.

लेच्चिनो नांवाची एक जात रोग लागूनही बरीच तग धरते. कांहीं शेतकरी तिचें कलम जुन्या खोडांवर बांधितात. सगळींच जगत नाहींत.