अंतर कोणी मोजावे?

खेड्यांतील मंडळ्यांतून फिरताना एक प्रश्न वारंवार कानी येतो. तो असा की, वरिष्ठ अधिकाऱ्यांच्या अधीन असावे असे पौलाने रोमकरांस लिहिले असता, पोलिसांच्या तपासावर शंका घेणे व त्यांस न्यायालयापुढे जाब विचारणे हे ख्रिस्ती मनुष्यास शोभते काय? प्रश्न मनापासूनचा आहे, व आपल्या परभणी जिल्ह्यात तो केवळ वादाकरिता विचारला जात नाही.

१० डिसेंबर २०२४ रोजी परभणीच्या रेल्वे स्थानकाजवळ डॉ. आंबेडकरांच्या पुतळ्यासमोरील संविधानाच्या प्रतिकृतीची विटंबना झाली. दुसऱ्या दिवशीच्या बंदास हिंसक वळण लागले. त्यात ज्यांचे नुकसान झाले त्या निरपराधी लोकांसही विसरता कामा नये. पोलिसांनी पुष्कळांस धरले. त्यांत सोमनाथ सूर्यवंशी नावाचा पस्तीस वर्षांचा, कायद्याचा अभ्यास करणारा तरुण होता. १५ तारखेस न्यायालयीन कोठडीत असता तो मरण पावला. छातीत दुखून मृत्यू आला असे प्रथम सांगण्यात आले. शवविच्छेदनाच्या अहवालात मात्र अनेक जखमांमुळे बसलेल्या धक्क्याचे कारण होते. मुख्यमंत्र्यांनी विधिमंडळात मारहाणीचा इन्कार केला. म्हणजे मृत्यू एक आणि त्याच्या हकिगती दोन.

अशा वेळी काय करावे हा प्रश्न नवा नाही. अनुवादाच्या एकविसाव्या अध्यायात शेतात मारून टाकलेला मनुष्य सापडतो व मारणारा ठाऊक नसतो. तेथे नियम असा की, इस्राएलाच्या वडिलांनी व न्यायाधीशांनी जाऊन प्रेतापासून सभोवतालच्या गावांपर्यंत अंतर मोजावे. जो गाव सर्वांत जवळचा ठरेल त्याच्या वडिलांनी कालवड घेऊन जावे, हात धुवावे व आपण हे रक्त पाडिले नाही असे देवासमक्ष सांगावे. आपण बहुधा कालवडीकडे पाहतो आणि मोजणीकडे आपले लक्ष जात नाही. जवळच्या गावास स्वतःचे अंतर स्वतः मोजू दिलेले नाही! मोजणारे निराळे, हात धुणारे निराळे. पिलातानेही हात धुतले, परंतु त्याचे अंतर कोणी मोजिले नव्हते.

कोठडीत मेलेल्या मनुष्यास सर्वांत जवळचे कोण, हे सांगावयास दोरी नको. म्हणूनच अशा मृत्यूची चौकशी पोलिसांच्या तपासाखेरीज दंडाधिकाऱ्यानेही केलीच पाहिजे, अशी दुरुस्ती २००५ साली कायद्यात झाली. आजच्या नागरिक सुरक्षा संहितेत ते कलम १९६ आहे. तथापि दंडाधिकाऱ्याचा अहवाल आल्यावर पुढे काय करावयाचे, हे त्या कलमात स्पष्ट नाही. परभणीत नेमके हेच झाले. दंडाधिकाऱ्यांच्या अहवालाने पोलिसांकडे बोट दाखविले, पण गुन्हा नोंदला गेला नाही, आणि तपास पोलिसखात्याच्याच गुन्हे अन्वेषण शाखेकडे राहिला. मृताची आई उच्च न्यायालयाच्या औरंगाबाद खंडपीठाकडे गेली. ४ जुलै २०२५ रोजी त्या न्यायालयाने एका आठवड्यात गुन्हा नोंदण्याची आज्ञा केली. सरकारने वर दाद मागितली. ३० जुलैस सर्वोच्च न्यायालयाने ती फेटाळली, व त्यानंतर गुन्हा नोंदला गेला. साडेसात महिने एका आईने केवळ एवढ्यासाठी घालविले की तिची फिर्याद कागदावर यावी. लूकाच्या अठराव्या अध्यायातील विधवा आपणांस प्रार्थनेचा धडा म्हणून ठाऊक आहे. ती प्रथम न्यायालयाच्या दारी उभी होती, हे आपण सोयीने मागे टाकतो.

आता रोमकरांस लिहिणारा पौल. फिलिप्पै येथे त्यास चौकशीवाचून छड्या मारून बंदिशाळेत टाकिले. सकाळी अधिकाऱ्यांनी निरोप धाडला की, त्या माणसांस सोडून द्यावे. पौल मुकाट्याने निघून गेला नाही. उघडपणे मारिले, आता गुपचूप घालविता काय, त्यांनी स्वतः येऊन आम्हांस बाहेर न्यावे, असे त्याने सांगितले. यात बंड नव्हते, सूडही नव्हता. सत्तेने आपल्याच कायद्यास उत्तर द्यावे, एवढेच तो मागत होता. आणि ज्या नायकाने तो निरोप सांगितला, त्यानेच रात्री त्या दोघांच्या जखमा धुतल्या होत्या.

हे शेवटचे मी मुद्दाम लिहितो, कारण पोलिसांत नोकरी करणारे बंधू आपल्याही मंडळ्यांत आहेत. गुन्हा नोंदला म्हणजे अपराध सिद्ध झाला असे नव्हे. कोणी काय केले, हे पुराव्यानेच ठरावयाचे. परंतु मोजणी बाहेरच्याने केली नाही, तर त्या दिवशी रजेवर असलेल्या शिपायाकडेही गाव त्याच नजरेने पाहतो, आणि त्याच्या मुलास शाळेत ते ऐकावे लागते.

आपल्याकडेही या मोजणीचा एक लहानसा भाग येतो. संशयास्पद मृत्यूच्या पंचनाम्यास शेजारचे दोन किंवा अधिक प्रतिष्ठित रहिवासी बोलवावे, असा कायदा आहे. पुष्कळदा आपल्या मंडळीच्या वडिलांसच बोलावणे येते, आणि फौजदारसाहेबांपुढे कागद वाचून दाखवा म्हणावयास संकोच वाटतो. प्रेतावर जखमा किती व कोठे, हे त्याच कागदात असते. पुढे शरीर जळून किंवा पुरून जाते, तेव्हा न्यायाधीशाच्या हाती उरणाऱ्या थोड्या कागदांत तो एक असतो.