वाजवून घेतलेलं मडकं

भीमेच्या एका काठाला शिरूर, दुसऱ्या काठाला दौंड. वाळकी-रांजणगाव सांडसच्या भागात मुळा-मुठा भीमेला मिळते, तिथे ऊस भरपूर, गुऱ्हाळं भरपूर आणि माळकरीही भरपूर. आषाढी जवळ आली की तुकोबांची पालखी यवतला आणि दुसऱ्या दिवशी वरवंडला मुक्कामाला येते. दोन्ही काठांवरच्या लोकांनी एकदा ठरवलं, दर्शन घेऊन माघारी फिरणं पुरे झालं. आता आपली दिंडी काढायची.

ठरवणं सोपं होतं. वीणा कुणाच्या गळ्यात घालायची, इथे गाडी अडली. चालताना वीणा खाली टेकवायची नसते आणि ज्याच्या गळ्यात वीणा, त्याच्या पायावर कुणीही डोकं ठेवतं. दुसऱ्या कारणामुळे उमेदवार वाढले असावेत.

देवळात सात जण बसले. एकाच्या चाळीस वाऱ्या झालेल्या. एकाला गाथा तोंडपाठ. एकाचा आवाज नदीपल्याड ऐकू जाई. एकाचे आजोबा मोठे कीर्तनकार. एक दर एकादशीला पाणीही न पिणारा. सहावा सामानाला ट्रक देणार होता. ट्रकशिवाय दिंडी चालत नाही, हे प्रत्येक वारकऱ्याला माहीत असतं. सातवा बाविशीतला पोरगा, पाण्याच्या मोटारी दुरुस्त करणारा. त्याला आजीने पाठवलं होतं. चहा दोनदा झाला, निकाल लागेना.

तेवढ्यात कुंभारआबा देवळाला माठ द्यायला टेम्पो घेऊन आले. गाथावाले बुवा म्हणाले, "आबा, तुम्ही गोरोबाकाकांच्या घरचे. आता तुम्हीच बघा, कुठलं मडकं पक्कं आणि कुठलं कच्चं."

ती कथा महाराष्ट्रात कुणाला सांगावी लागत नाही. निवृत्ती, ज्ञानदेव, सोपान, मुक्ताबाई, नामदेव सगळे जमलेले. मुक्ताबाईने गोरोबांना मडकी तपासायला सांगितली. गोरोबांनी थापटणं घेऊन एकेकाच्या डोक्यावर हाणलं. बाकीचे गप्प बसले, नामदेव चिडले, आणि त्यांचं मडकं कच्चं ठरलं.

आबांनी टेम्पोतून थापटणं आणलं. सहा जणांनी डोळे मिटले, चेहरे शांत केले. टक्, टक्, टक्. एकाचीही पापणी हलली नाही. सातव्या डोक्यावर थापटणं बसलं आणि पोरगा म्हणाला, "आबा, लागलं की वो!"

देऊळ हसलं. "हे कच्चं निघालं!"

आबा हसले नाहीत. त्यांनी एक माठ उचलून बोटाच्या पेराने वाजवला. खणखणीत. दुसरा वाजवला. बद्द. वाटेत तडा गेला होता. तिसऱ्याला त्यांनी गोणपाट गुंडाळलं आणि वरून पेर मारलं. आवाजच नाही.

"हा कसा आहे?"

"गोणपाट काढल्याशिवाय काय सांगणार?" ट्रकवाले म्हणाले.

"मग मी तरी काय सांगू? तुम्ही सहाही जण गोणपाट गुंडाळून बसलाय. ओरडलं की कच्चं ठरतं, हे तुम्हाला पाठ आहे. नामदेवांना कुठं माहीत होतं?"

थोडा वेळ कुणी बोललं नाही. मग चाळीस वाऱ्यांच्या बुवांनी विचारलं, "म्हणजे पोरगा पक्का?"

"छे! कच्चाच आहे. पण कच्चं मडकं मोडलं तर भिजत घालता येतं, त्याची परत माती होते. भाजलेल्याची नुसती खापरं."

आबांचं हे बोलणं मला गोरोबांच्या कथेइतकंच मोलाचं वाटतं. कारण त्या बैठकीत कच्चे ठरलेले नामदेव रुसून घरी बसले नाहीत. कथा पुढे सांगते की ते औंढ्या नागनाथाला विसोबा खेचरांकडे शिकायला गेले. त्यांच्या नावाची 61 पदं आज शिखांच्या गुरू ग्रंथसाहिबात आहेत आणि पंढरपूरच्या महाद्वारात त्यांची पायरी आहे. कच्चं म्हटल्यावर भिजायला तयार झालेला माणूस पंजाबापर्यंत पोचला.

देवळात मात्र गाथावाल्या बुवांचा हात हळूच डोक्याकडे गेला. "आबा, जरा जोरातच मारलंत. मलाही लागलं." मग आजोबांच्या नातवाला लागलं. मग एकादशीवाल्यांना. शेवटी ट्रकवाले टाळू चोळत म्हणाले, "मला तर टेंगूळच आलंय."

"आता वाजली मडकी," आबा म्हणाले आणि तडा गेलेला माठ परत टेम्पोत ठेवायला गेले.

वीणा एकाच्या गळ्यात घालायची नाही, पाळी लावायची असं ठरलं. त्या आषाढात ती सातही गळ्यांतून फिरली. ट्रकवाल्यांनी ट्रक दिला, त्यावर नाव टाकलं नाही. वरवंडचा मुक्काम हलल्यावर रोटी घाटाची चढण लागली तेव्हा वीणा पोराकडे होती. घाट चढून आल्यावर तो शेजारच्या बुवांना म्हणाला, "माउली, धरता का जरा? खांदा भरून आलाय."