वसूल

एखादी गोष्ट पाहून समाधान झालं, हे मराठीत सांगायच्या दोन अगदी वेगळ्या तऱ्हा आहेत. सिनेमा पाहून बाहेर पडलो की आपण म्हणतो, "पैसे वसूल!" आणि गडावर पोचल्यावर धुकं सरून समोरची दरी दिसली, की सोबतचं कुणीतरी वडीलधारं माणूस म्हणतं, "डोळ्यांचं पारणं फिटलं." पहिला शब्दप्रयोग हिशेबाच्या वहीतून आलाय, दुसरा उपासाच्या ताटातून. अनोळखी शहर बघून परतताना यांतलं कोणतं वाक्य आपल्या तोंडी येईल, हे त्या शहरापेक्षाही आपण तिकीट कसं काढलं त्यावर ठरतं की काय, अशी मला शंका आहे.

उदाहरण म्हणून पॅरिस म्युझियम पास घेऊ. एकच पास, आणि त्यावर शहरातली व आसपासची पन्नासहून जास्त संग्रहालयं आणि स्मारकं: लूव्र, ओर्से, ओरांजरी, सँत शापेल, आर्क द त्रिओंफ, रोदँ संग्रहालय, शिवाय शहराबाहेरचा व्हर्सायचा राजवाडा. आयफेल टॉवर मात्र त्यात नाही. पास ४८, ९६ किंवा १४४ तासांचा मिळतो. पहिल्या दारावर तो स्कॅन झाला की घड्याळ सुरू होतं, आणि ते तुमच्या झोपेतही चालू राहतं. प्रत्येक ठिकाणी एकदाच आत जाता येतं. लूव्रसारख्या ठिकाणी पास असला तरी वेळ आधी राखून ठेवावी लागते. कोणी सोमवारी बंद, कोणी मंगळवारी.

माझ्यासारख्या सॉफ्टवेअरवाल्याला हे वर्णन वाचूनच हात शिवशिवायला लागतात. कारण ही आमच्या अभ्यासक्रमातली जुनी ओळखीची कोडी आहेत. मर्यादित जागेच्या पिशवीत जास्तीत जास्त किमतीचा माल कसा भरायचा, हे एक. सगळ्या गावांना भेट देऊन कमीत कमी अंतरात घरी कसं यायचं, हे दुसरं. त्यात वेळेच्या खिडक्या आणि सुट्टीचे वार घाला, की झाली पॅरिसची सहल. एका स्प्रेडशीटमध्ये उत्तर निघतं. चार-पाच मोठी ठिकाणं पाहिली की पासाची किंमत साधारण भरून निघते. त्यापुढचं सगळं 'फुकट'.

पण अशा कुठल्याही गणितात एक जागा असते जिथे प्रोग्रामरला भूमिका घ्यावी लागते: 'किंमत' म्हणजे काय धरायचं? पिशवीतल्या प्रत्येक वस्तूसमोर एक आकडा हवा. आणि पास हातात असला की तो आकडा आयता मिळतो, वाचलेलं तिकीट. ज्या ठिकाणाचं सुटं तिकीट महाग, ते मौल्यवान. या सूत्रात सीन नदीच्या काठाची किंमत शून्य येते, कारण तिथे तिकीट नाही. लक्झेंबर्ग बागेतल्या हिरव्या लोखंडी खुर्चीची किंमतही शून्य. उलट त्या खुर्चीत बसलेली वीस मिनिटं चक्क तोट्यात जमा होतात, कारण तेवढ्या वेळात आणखी एक दार स्कॅन झालं असतं. सूत्र चुकलेलं नसतं. आपण त्याला जे विचारलं, त्याचं बरोबर उत्तर ते देतं.

आधी पैसे भरले की आपण कसे वागतो, यावर १९८५ साली हॅल आर्केस आणि कॅथरिन ब्लूमर या मानसशास्त्रज्ञांचा एक प्रसिद्ध प्रयोग छापून आला. नाटकांच्या हंगामाचं तिकीट घ्यायला आलेल्या लोकांपैकी काहींना पूर्ण किमतीत, तर काहींना अचानक सवलतीत तिकीट दिलं गेलं. कोणाला काय मिळेल, हे नशिबावर. नाटकं तीच, खुर्च्या त्याच. पण हंगामाच्या पहिल्या अर्ध्या भागात पूर्ण पैसे भरलेले लोक जास्त नाटकांना गेले. पुढे हा फरक विरत गेला. म्हणजे ताज्या खर्चाची टोचणी माणसाला थिएटरात ढकलत होती. नाटक आवडतं की नाही, हा प्रश्न वेगळाच राहिला. पास हाही हंगामाचाच, फक्त दोन-चार दिवसांचा. त्यातली टोचणी विरायच्या आत तो संपतो.

आता 'वसूल' या शब्दाकडे थोडं थांबून बघू. वसुली होते कर्जाची, भाड्याची, शेतसाऱ्याची. वसुलीला जाणारा माणूस दार ठोठावतो तेव्हा आतला माणूस देणेकरी असतो. मग 'पास वसूल करायचा' म्हणजे नक्की कोणाकडून? सँत शापेलच्या तेराव्या शतकातल्या रंगीत काचा आपलं काही देणं लागतात का? पैसे आपण संग्रहालयांच्या व्यवस्थेला दिले, आणि तिने दार उघडून आपला शब्द पाळला. व्यवहार तिथेच पुरा झाला. दाराच्या आत जे आहे, ते विकलेलं नाहीच, फक्त दाखवलेलं आहे. तरीही आपण आत शिरताना चेहऱ्यावर वसुली कारकुनाचा भाव घेऊन शिरतो: ही मूर्ती बघितली, हा मुकुट बघितला, मोनालिसा बघितली, चला पुढे.

न्यूयॉर्कच्या मेट्रोपॉलिटन संग्रहालयात २००१ साली प्रसिद्ध झालेल्या एका पाहणीत लोक एका कलाकृतीसमोर किती वेळ थांबतात हे मोजलं होतं. सरासरी २७ सेकंद निघाली, आणि निम्मे लोक १७ सेकंदांच्या आतच पुढे सरकले होते. हा १७ चा आकडा घेऊन एक साधा गुणाकार करा. लूव्रमध्ये सुमारे ३५,००० वस्तू मांडलेल्या आहेत. प्रत्येकीला १७ सेकंद दिले, मध्ये चाललो नाही, जेवलो नाही, झोपलो नाही, तरी १६५ तास लागतात. सगळ्यात मोठा पास १४४ तासांचा आहे. म्हणजे पन्नासहून जास्त ठिकाणांचा पास एका ठिकाणालाही पुरत नाही. ही वसुली कोणत्याही वेगाने पुरी होणारी नाही.

पण इथे एक आक्षेप आहे, आणि तो मला हलक्यात घ्यायचा नाही. 'निवांत फिरा, एकच चित्र तासभर बघा' हा उपदेश बहुतेक वेळा ज्यांना पुन्हा येता येतं त्यांचा असतो. पॅरिसमध्ये राहणारी बाई शनिवारी अर्धा तास ओर्सेत डोकावून जाऊ शकते. लंडनमध्ये ब्रिटिश म्युझियम आणि नॅशनल गॅलरीचा कायमचा संग्रह फुकट बघता येतो. तिथला माणूस जेवणाच्या सुट्टीत एक चित्र बघून ऑफिसला परततो. आपलं तसं नाही. व्हिसासाठी बँकेची सहा महिन्यांची पानं, मुलाखतीची तारीख, बोटांचे ठसे, साठवलेल्या रजा, युरोला गुणायचे रुपये. आई-बाबांच्या वयाच्या माणसांसाठी तर ही एकदाच होणारी गोष्ट. "पुन्हा कधी येणार आहोत?" हे वाक्य लोभातून येत नाही, ते टंचाईतून येतं. ज्याच्या घरी नळाला एक तास पाणी येतं, तो सगळी भांडी भरून ठेवतो. त्याला हावरट म्हणणं हा चोवीस तास पाणी असलेल्याचा उद्धटपणा आहे.

म्हणून प्रश्न असा मांडायला हवा: ज्याला पुन्हा येता येणार नाही, त्याने काय करणं शहाणपणाचं?

आई-बाबांसोबत मी पॅरिसला गेलो, तेव्हा आमच्या तक्त्यात ओरांजरीसाठी पंचवीस मिनिटं होती. तिथे क्लोद मोनेची कमळांच्या तळ्याची चित्रं दोन लंबगोल दालनांत भिंतीभर पसरली आहेत. दोन मीटर उंच आठ चित्रं, छतातून झिरपणारा दिवसाचा उजेड, आणि मधोमध बसायला बाकं. पहिलं महायुद्ध संपलं तेव्हा मोनेने फ्रान्सला चित्रं देऊ केली, त्यातून हे उभं राहिलं. कामाने शिणलेल्या माणसाला विसावा मिळावा, ही त्यामागची त्याची जुनी कल्पना. दालनं १९२७ मध्ये उघडली, त्याच्या मृत्यूनंतर काही महिन्यांनी. आईने चित्रांकडे बघितलं, बाकाकडे बघितलं आणि मला हळूच विचारलं, "इथे बसलं तर चालेल ना? पुढचं चुकणार नाही ना?"

बसण्यासाठीच बांधलेल्या जागेत बसायची परवानगी मागावी लागते, हे मला पासाबद्दलच्या कुठल्याही सिद्धांतापेक्षा जास्त सांगून गेलं. आम्ही बसलो. पुढचं ठिकाण राहिलं. ते कोणतं होतं, हे आता आईला आठवत नाही.

गंमत अशी की तिला तसं बसू देणारी सोय त्या पासातच होती. २००१ साली दिलीप सोमण आणि जॉन गूरव्हिल या संशोधकांनी नेमकं हेच तपासलं. बर्फावर स्कीइंग करायला गेलेल्या माणसाकडे चार दिवसांची चार वेगळी तिकिटं आहेत, किंवा चार दिवसांचा एकच पास. शेवटच्या दिवशी हवा बिघडली. कोण घरी जाईल? एकत्र पासवाले लोक शेवटचा दिवस सोडून द्यायला जास्त तयार होते. कारण एका दिवसाची वेगळी किंमत त्यांच्या डोक्यात चिकटलेलीच नव्हती. एकत्र तिकीट पैसे आणि जागा यांच्यातली गाठ सैल करतं.

म्हणजे पासाचे परिणाम दोन आहेत. एकूण रकमेची टोचणी आपल्याला दारात ढकलते. पण एकदा आत गेलो की त्या जागेचा स्वतंत्र भाव नसल्याने बाहेर पडणं सोपं होतं. सुटं तिकीट काढून लूव्रमध्ये गेलेला माणूस पाय दुखले तरी फिरत राहतो. पासवाला एकच मूर्ती बघून निघू शकतो, नावडतं संग्रहालय पाच मिनिटांत सोडू शकतो. त्या लंडनवाल्या माणसाकडे फुकट असलेली चैन, अर्थात न बघण्याची मुभा, पास आपल्याला दोन-चार दिवसांसाठी भाड्याने देतो. आपण मात्र ही मुभा वापरून आणखी दारं मोजतो.

आपल्या एसटीचा असाच एक पास आहे. चार किंवा सात दिवस, राज्यात कुठेही फिरा. त्या योजनेचं नाव आहे 'आवडेल तेथे कोठेही प्रवास'. सरकारी योजनेच्या नावात 'आवडेल' हा शब्द! त्यात जास्तीत जास्त नाही, बचत नाही, इतकी ठिकाणं इतक्या तासांत नाही. अर्थात याच पासावर मिनिटाचा हिशेब करून महाराष्ट्र पालथा घालणारेही आहेत. पण नाव ठेवणाऱ्याने पासाचा खरा उपयोग बरोबर ओळखला होता. पास तुम्हाला गावं देत नाही, मन बदलायची सोय देतो.

आणि हा प्रश्न केवळ आपल्या मनःशांतीचा नाही. २०२४ मध्ये लूव्रला ८७ लाख लोक आले. तिथला काचेचा पिरॅमिड उभारताना वर्षाला ४० लाखांचा अंदाज होता. १६ जून २०२५ रोजी तिथल्या कर्मचाऱ्यांनी अचानक काम थांबवलं, तक्रार होती आवाक्याबाहेरची गर्दी आणि अपुरी माणसं. बाहेर पास आणि तिकिटं घेतलेल्यांची रांग ताटकळत उभी होती. त्या गर्दीतला प्रत्येक जण रास्तच होता, प्रत्येकाला एकदाच यायचं होतं. पण ज्याला शिल्पांत रस नाही आणि जो केवळ दार मोजायला आत आलाय, तो दुसऱ्या कुणाच्या तरी बघण्याच्या आड उभा असतो. राखून ठेवलेली वेळ नको असेल तर ती आधीच सोडून देणं, इतकी साधी गोष्टही इथे नैतिक ठरते.

ज्याला पुन्हा यायचं नाही, त्याने काय करावं, याचं माझं उत्तर मग असं: पास जरूर घ्यावा. आईवडिलांना रांगांपासून वाचवावं, हिशेबही करावा. पण पास हातात आला की हिशेब संपला असं समजावं. सगळं बघून होणार नाही, हे १६५ तासांच्या गुणाकाराने सिद्धच झालंय. तेव्हा काय सुटलं याची यादी कितीही धावलं तरी जवळपास तेवढीच राहणार. बदलू शकतं ते एवढंच, की जे बघितलं ते खरंच बघितलं का.

पारणं हा शब्द मला म्हणून जास्त नेमका वाटतो. उपास सोडताना माणूस पंगत उठवत नाही. दोन घास सावकाश खातो आणि त्याला प्रत्येक घासाची चव कळते, कारण आधी भूक होती. आपल्या बाबतीत भूक तर वर्षानुवर्षांची असते. व्हिसाच्या रांगेत, ईएमआयच्या मधल्या फटीत, ऑफिसच्या संगणकावर लावलेल्या कुठल्याशा शहराच्या चित्रात ती साठत आलेली असते. इतका लांब उपास केलेल्या माणसाने ताटातले पदार्थ मोजत बसायचं काही कारण नाही.